बसून मरणारे शिवण्णा

आमचे शेजारी शिवण्णा बिरादार जितक्या वेळा मेले तितक्या वेळा बसून मेले. पडून मरणं त्यांना मंजूर नव्हतं. बाण लागो, विष चढो, कुणी तख्तावरून ढकलून देवो, शिवण्णा कसेबसे सरकत एखादा खांब किंवा झाड गाठायचे, पाठ टेकायचे, मांडी घालायचे आणि मगच प्राण सोडायचे. सिनेमावाले कपाळाला हात लावायचे. पण शिवण्णांचं म्हणणं सरळ होतं. ते लिंगवंत. मेल्यावर लिंगवंताला मातीत बसवून पुरतात, जाळत नाहीत.

"आज पडून मरा म्हणायलेत, उद्या लाकडं आणतेल," ते मला म्हणाले. "त्यांचा काय भरोसा?"

बाणांच्या अंथरुणावर पडून मरायची एक फार मोठी भूमिका त्यांच्याकडे चालून आली होती. तीही त्यांनी याच कारणासाठी सोडली. बाण टेकून बसता येईल का, असं त्यांनी विचारलं होतं म्हणे.

मी बोलतोय ते बायस्कोपातल्या मरणांविषयी. हळ्ळीखेडात माझं कापडाचं दुकान आणि त्याला लागून बिरादारांचं भुसाराचं. मधे एकच भिंत. भिंतीपलीकडे तूर, हरभरा आणि शिवण्णांचे थोरले भाऊ. शिवण्णा स्वतः मात्र वर्षातला बराच काळ कोल्हापूर-पुण्याकडे असायचे. तरुणपणी हुमनाबादच्या जत्रेत आलेल्या एका नाटक कंपनीच्या मागं लागून गेले ते तिकडचेच झाले आणि नाटकातून मूकपटात शिरले. देवानं त्यांना पाठ तरण्याची दिली होती आणि तोंड म्हाताऱ्याचं. पंचविशीतच गालफडं बसलेली, कपाळ पार टाळूपर्यंत गेलेलं. असा माणूस नायक कुठून व्हायचा? ते नायकाचे बाप झाले. नायक त्यांच्याहून वयानं मोठा असला तरी बाप हेच. राजा, प्रधान, साधू, आंधळा भिकारी, जे काही म्हातारं असेल ते शिवण्णांच्या वाट्याला यायचं, आणि तक्रार म्हणून त्यांनी कधी केली नाही.

सुरुवातीला हे बाप, हे प्रधान शेवटपर्यंत जिवंत असायचे. मरायला शिवण्णांनी नंतर सुरुवात केली, तीही मागून घेऊन. त्याला कारण एक कावळा.

शिवण्णांची बायको गौराक्का ही छातीची दुखणेकरी. बारीक अंगाची, बोलायला गोड, पण आडावरून पाण्याची घागर आणली की दम लागून उंबऱ्यावर बसायची. मूलबाळ झालं नाही. शिवण्णांनी तिला छकड्यात घालून नौबादच्या हकीमसाहेबांकडे नेलं. हकीमसाहेबांनी नाडी बघितली, पुडी दिली आणि शिवण्णांना बाजूला घेऊन सांगितलं, "दो बारिशाँ निकाले तो बहोत समझो." दोन पावसाळे काढले तर पुष्कळ. त्यातच एका सकाळी अंगणात ज्वारी वाळत घालताना गौराक्काच्या डोक्याला कावळा शिवला.

कावळा शिवला म्हणजे मरण जवळ आलं, असं आमच्याकडे मानतात आणि त्यावर उपायही ठरलेला आहे. ज्याला शिवला तो मेला अशी खोटी बातमी नातेवाइकाकडे धाडायची. तो खरं समजून रडला की मरणाची फसगत होते आणि माणसाचं आयुष्य वाढतं. मागाहून खरं सांगायचं, शिव्या खायच्या आणि जेवून परत यायचं. लिंगवंतांचे पुरोहित असलेले आमच्या गावचे अय्या या प्रकाराच्या विरुद्ध होते. आपल्यात पिंड नाही, श्राद्ध नाही, मग कावळ्याचा संबंध काय, असं त्यांनी शिवण्णांना बजावलं.

शिवण्णा म्हणाले, "कावळ्याला कुठं ठाव हाय अय्या, आपण कोण हाव ते?"

बातमी न्यायला त्यांनी मला निवडलं. माझं तोंड मुळातच रडकं आहे, असं त्यांचं मत होतं. गौराक्काचं माहेर कमठाण्याचं. तिथं तिचा भाऊ बसप्पा शेती करायचा. निघण्याआधी शिवण्णांनी मला दुकानाच्या मागल्या खोलीत उभं करून तालीम दिली. दारात गेल्यावर आधी टोपी काढायची. मग जमिनीकडे बघायचं. लगेच बोलायचं नाही. बोलण्याआधी एकदा आवंढा गिळायचा. मी हे सगळं घोकत कमठाण्याला गेलो. टोपी काढली, जमीन बघितली, आवंढा गिळला आणि गौराक्का गेली म्हणून सांगितलं. बसप्पा माझ्याकडे बघत राहिला आणि खो खो हसायला लागला.

झालं होतं असं की आदल्या वर्षी त्याची आत्या मेल्याची अशीच बातमी कुणीतरी आणली होती. बसप्पा भर चावडीपुढे गडाबडा लोळून रडला आणि संध्याकाळी आत्या स्वतः बैलगाडीतून उतरली. तेव्हापासून पोरंटोरं त्याला बघून लोळून दाखवत. पुन्हा म्हणून फसायचं नाही अशी त्यानं शपथच घेतली होती. त्यानं मला पोटभर भाकरी आणि पुंडीची भाजी वाढली. मी हात जोडून म्हटलं, बाबा, खोटं का होईना, दोन टिपं काढ. त्यानं प्रयत्न केला, नाही असं नाही. पण माझं तोंड बघितलं की त्याला हसूच फुटायचं.

परत येऊन मी जे घडलं ते शिवण्णांना सांगितलं. ते तुरीच्या पोत्यावर बसून होते. "म्हणजे ते तिच्या डोक्यावर तसंच ऱ्हायलं," एवढंच म्हणाले. त्या वर्षी ते नेहमीपेक्षा लवकर गुलबर्ग्याला जाऊन रेल्वेत बसले आणि कोल्हापुरात पाय ठेवल्याबरोबर कंपनीच्या मालकाला म्हणाले, मला मरायचं काम द्या.

तेव्हापासून त्यांच्या मरणांचा सपाटा लागला. ते मरत पण छान. छातीवर हात, मान जराशी कलती, एकदा वर बघणं, ओठांची थोडी हालचाल, की संपलं. आमच्याकडे सिनेमा जत्रेतल्या तंबूत लागायचा, आणि तंबूतल्या बायका पदराचा बोळा तोंडात धरून हुंदके द्यायच्या. मूकपटाला बोल नसायचे, म्हणून पडद्याच्या बाजूला एक सांगणारा उभा असायचा. आमच्या भागातला सांगणारा मराठी, कानडी आणि दखनी तिन्ही एकत्र कालवून सांगायचा. शिवण्णा मरायला लागले की त्याला भलताच जोर चढायचा. "बेटा, अम्माचा खयाल ठेव, राज्याचा खयाल ठेव, नन्न मगने, माझ्या लेका," असं करत तो चार मरणांना पुरेल असं लांबलचक भाषण ठोकायचा.

गावी आले की शिवण्णांचा एकच प्रश्न असायचा. जत्रेहून आलेल्या कुणालाही ते थांबवायचे आणि विचारायचे, "कोण रडलं?" सिनेमा कसा होता, माझं काम कसं झालं, हे त्यांनी कधी विचारलं नाही. माझ्या बायकोला एकदा विचारलं. ती बिचारी खरं बोलणारी. म्हणाली, डोळ्यांतून पाणी आलं, पण ते तंबूतल्या धुळीनं. शिवण्णा म्हणाले, "धुळीचं बी चालतंय की."

मला वाटायचं ही नटाची कौतुकाची हाव. टाळ्यांना चटावलेला माणूस, दुसरं काय? एकदा वैतागून मी त्यांना तसं म्हणालोही. तेव्हा त्यांनी मला भिंतीआड नेऊन सगळा हिशेब समजावून सांगितला. बसप्पा रडला नाही, म्हणजे गौराक्काचा उपाय राहून गेला. पण नवरा-बायको म्हणजे एकच जीव. नवऱ्याच्या मरणावर लोक रडले तर ते बायकोला का लागू पडू नये? फक्त मरताना तसं सांगावं लागतं, तोंडानं. म्हणून प्रत्येक मरणाच्या वेळी, प्राण सोडण्याआधी, ते ओठातल्या ओठात म्हणायचे, गौरा, हे तुझं.

मी म्हणालो, अहो शिवण्णा, लोक त्या गोष्टीतल्या राजासाठी रडतात. तुमच्यासाठी नव्हे.

"बातमी खोटीच असावी लागती नारायण," ते म्हणाले. "खरी असल्यावर उपाय कशाचा?"

हकीमसाहेबांचे दोन पावसाळे गेले, पाठोपाठ आणखी गेले. गौराक्का उंबऱ्यावर बसत, दम खात, पण स्वतःच्या हातानं भाकरी थापत जगत राहिली. मी म्हणायचो, कावळा बसायला आणि फांदी मोडायला एक गाठ पडते तसलं हे आहे. शिवण्णा ऐकून घ्यायचे आणि पुन्हा मरायला जायचे. गौराक्काला यातलं काही ठाऊक नव्हतं. नवऱ्याचा सिनेमा तिनं कधी बघितला नव्हता. तंबूतली गर्दी आणि धूळ तिच्या छातीला सोसायची नाही, हे एक कारण. शिवण्णाच तिला जाऊ द्यायचे नाहीत, हे दुसरं.

मग बोलपट आले आणि घोटाळा झाला.

पहिली अडचण बोलीची. शिवण्णांचा राजा दरबारात बसून प्रधानाला म्हणाला, "शत्रू कुठवर आलाय, बगून येताव का जरा?" सगळे नट तोंड दाबून हसायला लागले. एका पंडितानं दोन महिने खपून त्यांच्या तोंडात पुण्याची भाषा बसवली. ते निभलं. पण मरण आलं तेव्हा शिवण्णांनी ठरलेलं वाक्य बोलून झाल्यावर, सवयीप्रमाणे, अगदी स्पष्ट आवाजात म्हटलं, गौरा, हे तुझं. दिग्दर्शक ओरडला, ही गौरा कोण? राणीचं नाव वेगळं, राजकन्येचं वेगळं. पुन्हा घेतलं, पुन्हा गौरा आली. मनातल्या मनात म्हणा, बाहेर काढू नका, असं सगळ्यांनी विनवलं. शिवण्णांनी तसंही करून बघितलं, पण मग त्यांना मरताच येईना. मान टाकायचे आणि डोळे उघडायचे. मनात म्हटलेलं लागू पडलं की नाही, ही शंका माणसाला सुखानं मरू देत नाही. शेवटी कंपनीनं ते काम दुसऱ्याला दिलं आणि यांना घरी पाठवलं. बोलून मरणारे म्हातारे आता पुष्कळ मिळत होते.

शिवण्णा परत आले तेव्हा गौराक्काची छाती जास्तच बिघडली होती. ती अंथरुणावर उशाशी तक्के लावून झोपायची. शिवण्णांचा तोल सुटला तो इथं. उदगीरला, कल्याणीला जो जो माल घेऊन जाईल त्याला ते गाठायचे आणि सांगायचे, तिकडं सांग, शिवण्णा मेला म्हणून. लोकांनी सांगितलंही. काही दिवसांनी उदगीरचे एक वयस्क व्यापारी पांढरं उपरणं खांद्यावर टाकून, तोंड बारीक करून भुसाराच्या दुकानापुढे उतरले. शिवण्णा ओट्यावर बसून हुरडा खात होते. व्यापारी पांढरेफटक पडले. शिवण्णांनी त्यांना विचारलं, "रडलाव का?" ते व्हय म्हणाले. शिवण्णा म्हणाले, "मग जेवून जावा."

गावात हसू झालं. ते हसू भिंतीच्या फटीतून गौराक्काच्या कानावर गेलं. नवरा मेल्याच्या बातम्या नवराच पाठवतोय, हे ऐकून तिनं मला बोलावलं. म्हणाली, भाऊ, खरं सांगा. मी कावळ्यापासून सुरुवात करायला गेलो, पण शिवण्णा मागं येऊन उभे राहिले आणि मी कापडाच्या भावावर घसरलो. ती माझ्याकडे बघत राहिली. मग नवऱ्याला म्हणाली की औंदा जत्रेत मला तुमचा सिनेमा बघायचाय. धूळ असो, गर्दी असो, ती ऐकायला तयार नव्हती.

हुमनाबादच्या जत्रेत अजूनही एक गरीब तंबूवाला जुने मूकपट दाखवत होता. बोलपट त्याला परवडत नसत. आम्ही गौराक्काला गादी घातलेल्या बैलगाडीतून नेलं. दिवेलागणीचा खेळ होता. बायकांच्या बाजूला माझ्या बायकोनं तिच्या तोंडावर ओला पदर धरला. पडद्यावर शिवण्णा म्हातारे राजे झाले होते, मुलगा उलटला होता, बाण लागला होता. ते सरकत खांबापर्यंत गेले. मांडी घातली. सांगणाऱ्यानं नेहमीचं भाषण सुरू केलं आणि सगळा तंबू मुसमुसायला लागला. माझ्याशेजारी बसलेले खरे शिवण्णा पडद्याकडे बघत नव्हते. बायकांच्या बाजूला बघत होते.

परतीच्या वाटेवर गाडी मी हाकत होतो. गौराक्का तक्क्याला टेकून बसली होती. मग दम घेत घेत म्हणाली, "त्यो सांगणारा इतकं लांबण लावलता, आन तुमचं तोंड तर हललं जराशिक. काय म्हणलाव तुम्ही?"

शिवण्णा तिच्या अंगावरची घोंगडी सारखी करायला लागले.

"माझं नाव घेतलाव. मला कळतंय की. इतकी वर्षं बगायलेय मी तुमचं तोंड."

मग तिनं एकेक करून सगळं काढून घेतलं. कमठाण्याचा भाऊ, हकीमसाहेब, बोलपटातली फजिती, उदगीरचे व्यापारी. शिवण्णा गुन्हेगारासारखे सांगत गेले. मला वाटलं ती हसेल, नाहीतर रागावेल. ती म्हणाली, "एवढ्या लोकांचं रडणं सगळं मला देऊन टाकलाव. तुमच्यासाठी काय ठेवलाव?"

"मला काय झालंय?" शिवण्णा म्हणाले.

"आज मी बी रडले. ते तुमचं. मला नको."

"ते बी तूच ठेव गं."

"न्हाई. दिलं ते दिलं."

मी बैलांकडे बघत होतो. मला फार वाईट वाटलं, आणि कशाचं ते मला अजूनही नीट सांगता येत नाही. माझ्या लग्नाला तेव्हा बरीच वर्षं झाली होती. आम्ही दोघांनी एकमेकांना एवढ्या हट्टानं कधी काही दिलं नव्हतं.

पाऊस लागण्याच्या आत गौराक्का गेली. कमठाण्याहून बसप्पा आला आणि पोरांना न जुमानता मातीत लोळून रडला. बिरादारांच्या शेतात, बोरीच्या झाडाखाली, तिला बसवलं. शिवण्णांच्या डोळ्यांतून पाणी आलं नाही. मरणाचं काम जन्मभर केलेला माणूस, पण मागं राहणाऱ्याचं काम त्यांना कुणी कधी दिलंच नव्हतं.

त्यानंतर शिवण्णांची तब्येत सुधारायला लागली, आणि त्याचा त्यांना फार राग. जुना खोकला गेला. गल्लीत पटकी आली, धडधाकट माणसं गेली, शिवण्णांना साधी शिंक आली नाही. घराचं छप्पर शाकारताना वरून पडले ते नेमके कडब्यावर. उठून अंग झटकत म्हणाले, "ही बाई ऐकत न्हाई." निजामी राज्याच्या शेवटच्या दिवसांत रात्री गाव सोडून पळायची पाळी यायची, तेव्हाही सगळ्यांच्या आधी शेतात पोचलेले शिवण्णाच असायचे. बोरीच्या झाडाखाली बसलेले सापडायचे.

सगळं निवल्यावर एक दिवस गुलबर्ग्याहून मोटार आली. पुण्याच्या एका कंपनीचा माणूस होता. त्यांच्या बोलपटात एक आजा होता. बोलणं नव्हतं, फक्त शेवटी मरायचं होतं. जुन्या माणसांनी सांगितलं होतं की मरावं तर हळ्ळीखेडच्या बिरादारांनी. बसून मेलात तरी चालेल, ओठ हलवा, काय वाटेल ते म्हणा, आम्ही आवाज घेणारच नाही, असं तो स्वतःहून म्हणाला. मला आनंद झाला. मी शिवण्णांना आत नेऊन म्हटलं, जा. घरात एकटं बसून काय करता? पुन्हा तंबू भरेल. लोक रडतील.

शिवण्णांनी माझ्याकडे बघितलं. इतका थकलेला माणूस मी तोवर बघितला नव्हता, आणि अंगानं तर ते ठणठणीत होते.

"रडतेल की नारायण," ते म्हणाले. "तिनं दिल्यालं अजून सरंना. त्यात त्यांचं बी घेऊन मी एकट्यानं कुठं ठेवू?"

मग मीच बाहेर जाऊन पाहुण्याला सांगितलं की शिवण्णांना जमणार नाही.